वाघजाईचा कंठ

पलंगाखाली वाटी खणकली, तेव्हा कुठे आम्हाला कळलं की रुंजी घरातच आहे.

पाऊण तास आम्ही तिला शोधत होतो. माझा नवरा प्रफुल गल्लीच्या टोकापर्यंत जाऊन आला, सासूबाईंनी शेजारची दोन्ही घरं पालथी घातली, मी मागच्या विहिरीत वाकून पाहिलं. शेवटी तिघंही स्वयंपाकघरात येऊन नुसते उभे राहिलो.  त्या शांततेत आतल्या खोलीतून स्टीलची वाटी फरशीवर घसरल्याचा आवाज आला.

मी गुडघ्यांवर बसून पाहिलं. पाच वर्षांची माझी पोर भिंतीला पाठ लावून, पाय पोटाशी घेऊन बसली होती. डोळे टक्क उघडे. रडत नव्हती. श्वाससुद्धा तुकड्यातुकड्यानं घेत होती, कुणाला ऐकू जाऊ नये असा. आम्ही एवढ्या हाका मारल्या, तिनं एकीलाही ओ दिली नव्हती.

झालं होतं ते असं. मी ज्या केंद्रात कामाला आहे तिथे वाघाचं एक पिल्लू वाढवतात, आणि त्याला त्याच्या आईचा आवाज यंत्रातून ऐकवतात, हे रुंजीला माहीत होतं. वाघाची आई कशी बोलते ते मला ऐकव, असा तिचा कित्येक महिन्यांचा हट्ट होता. बाहेरच्यांना केंद्रात प्रवेश नाही. म्हणून या सुट्टीला मी तो आवाज नियम मोडून फोनमध्ये घेऊन साकोलीला आले होते. फोनच्या एवढ्याशा तोंडातून त्यातला खर्ज निघत नाही, हे ऐकून प्रफुलला उत्साह आला. मंडळाचे गणपतीतले मोठे साउंड बॉक्स जागेअभावी आमच्याच पुढच्या खोलीत पडून असतात. त्यानं वायर जोडली.

कानाला ऐकू आला तो एक आखूड हुंकार. बाकीचं सगळं छातीत वाजलं. फळीवरचे डबे थरथरले, खिडकीची काच बोलली. सासूबाई छातीवर हात ठेवून म्हणाल्या, "बंद कर बाप्पा ते." प्रफुल हसत सुटला. त्याचं हसू थांबलं तेव्हा रुंजी खोलीत नव्हती.

"अगं, ती पिल्लाची आई होती," पलंगाखाली हात घालत मी म्हटलं. "बाळाला जवळ बोलावत होती."

रुंजीनं माझ्या हाताकडे पाहिलं. धरला नाही.

"ती आई नव्हती," ती म्हणाली.

संध्याकाळी ती आजीच्याच मांडीवर जेवली. माझ्या अंगाला वास येतो, ही तिची तक्रार जुनीच होती. चार वेळा साबण लावला तरी वाघिणीच्या पेंढ्याचा वास केसांतून जात नाही. प्रफुल भांडी विसळता विसळता म्हणाला, "बरोबर आहे तिचं. घरची लेक चुलत आणि रानातली सख्खी." तो चिडून नाही बोलला, म्हणून जास्त लागलं.

सोमवारी पहाटेच्या बसमध्ये डोळा लागत होता, आणि एकदम उमगलं की पलंगाखालचं ते बसणं मी आधी पाहिलंय. रोज चार वेळा, पाच महिने पाहत होते. आणि दर वेळी केंद्राच्या नोंदवहीत त्याच्यापुढे माझ्याच अक्षरात लिहीत होते : 'प्रतिसाद उत्तम'.

*

पिल्लाला केंद्रात चौथी म्हणतात. नाव ठेवायचं नाही असा नियम आहे, पण आकड्याचंही नाव होतंच.

आजच्या वाघाच्या आधी आपल्या नद्यांकाठी एक वाघ होता. उंचीला गोऱ्ह्याएवढा, जबड्याला त्याहून भारी. हत्तींचे आणि पाणघोड्यांचे कळप इथे होते तेव्हा तो होता, ते गेले तेव्हा तोही गेला. मागे राहिली ती वाळूच्या घट्ट थरात दगड झालेली हाडं. आपल्याकडच्या उन्हात जुन्या हाडातला डीएनए टिकत नाही, उघड्यावरच्या दुधासारखा नासतो. पण सहा वर्षांपूर्वी हिमालयातल्या एका गोठलेल्या गुहेत याच जातीच्या एका मादीच्या पंजाचं हाड सापडलं. त्यातून डीएनएचे तुकडे मिळाले. ते तुकडे जुळवायचे, जिथे भोकं असतील तिथे आजच्या वाघाचं ठिगळ लावायचं, वाघिणीच्या रिकाम्या केलेल्या बीजात ते घालायचं आणि वाघिणीच्याच पोटात वाढवायचं, असं ते काम. पहिलं पोटातच गेलं. दुसरं जन्मताना. तिसरं अकरा दिवस जगलं. ही चौथी.

जन्म देणाऱ्या वाघिणीनं तिला एकदा हुंगलं आणि पिंजऱ्याच्या दुसऱ्या टोकाला जाऊन पाठ करून बसली. मग चौथी माझ्याकडे आली. मी पशुवैद्यकाची पदविका घेतलेली, अनाथ बछडी बाटलीवर वाढवायचा सात वर्षांचा अनुभव असलेली बाई. तेव्हा रुंजी नुकतीच बालवाडीत जायला लागली होती.

चौथीला पुढेमागे कुंपणाच्या आतल्या जंगलात सोडायचं, म्हणून तिला माणसाची सवय होऊ द्यायची नाही. आत जाताना मी डोक्यापासून पायापर्यंत झगा घालते, त्याला वाघिणीखालचा पेंढा चोळलेला असतो. तोंडातून शब्द काढायचा नाही. खोकला आला तर बाहेर यायचं. पण ये, थांब, लप हे पिल्लाला कुणीतरी शिकवायला हवं. त्यासाठी आवाज.

तो आवाज पाध्येसरांनी केला. डॉ. निरंजन पाध्ये पुण्याचे, ध्वनिशास्त्रातले. मला ताई म्हणतात आणि स्वतःचा डबा सगळ्यांपुढे उघडा ठेवतात. त्यांनी पहिल्या दिवशी मला समजावलं होतं. जिभेच्या मुळाशी एक नाजूक हाड असतं, कंठास्थी. ते क्वचितच शिल्लक राहतं. ते मिळालं आणि कवटीतल्या पोकळ्या मोजल्या, तर गळ्याची लांबी-रुंदी काढता येते, आणि गळा कळला की आवाज काढता येतो. बासरी मोडलेली का असेना, नळी आणि भोकं मोजली की तिचा सूर सांगता येतो, तसं. अख्ख्या देशात या वाघाची अशी एकच कवटी होती, जबड्याखालच्या मातीच्या गोळ्यात कंठास्थी जपून ठेवलेली. घोड नदीच्या खोऱ्यात आंबेखडक नावाच्या गावी, देवळात. पाच-सहा पिढ्या ती वाघजाई म्हणून शेंदूर लावून पुजली जात होती.

दूध पाजताना मी पायाखालचं बटण दाबायची. तीन भिंतींत बसवलेल्या यंत्रांतून ती हाक यायची. चौथी पोट जमिनीला टेकवून, कान मागे पाडून निपचित व्हायची. हाक संपली की घाईघाईनं, अर्धं सांडत प्यायची. सरांना आनंद व्हायचा. रानातली बछडी आईच्या इशाऱ्यावर अशीच दबून बसतात, म्हणायचे. कुणी न शिकवता हिला ते येतंय.

त्या सोमवारी मी झगा न काढताच त्यांच्या खोलीत गेले आणि म्हटलं की ती आज्ञा पाळत नाहीये, ती घाबरतेय. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं. दबणं आणि घाबरणं यातला फरक कसा मोजतात ते सांगितलं. मी वजनाचा तक्ता पुढे ठेवला. पाच महिन्यांची असून एकोणीस किलो. या वयाला साधी बछडी तीस ओलांडतात, आणि ही तर त्यांच्याहून थोराड जातीची. ते म्हणाले, आतड्याचा दोष असेल, ठिगळाचा असेल. पाच महिन्यांत तिनं तोंडातून एकही आवाज काढलेला नाही, मी म्हटलं, एकही नाही.  मग मी रुंजीचं सांगितलं, नियम मोडल्यासकट.

"सर, हा आवाज बाईचाच कशावरून?"

ते हसले. "ताई, वाघजाई आहे ती."

आणि हसता हसताच थांबले.

 मग त्यांनी कवटीची फाइल उघडली, मागे मागे जात अगदी पहिल्या पानापर्यंत गेले. गावानं कवटी मोजमापासाठी दिली त्या दिवशी तिची ओटी भरली होती. हिरवं खणाचं कापड, डझनभर बांगड्या, कपाळावर मळवट. भरल्या घरची लेक सासरी पाठवावी तशी पाठवली होती. ती ज्या पोरानं नोंदवून घेतली, त्यानं लिंगाच्या रकान्यात लिहिलं होतं : मादी. पुढे तीच नोंद वीस कागदांवर उतरत गेली, सरांच्या गणितापर्यंत. ताडून पाहायला दुसरी कवटी नव्हतीच. आकार पाहून शंका यायला हवी होती, पण तेव्हा सगळे याच कौतुकात होते की मादीच एवढी, तर नर केवढा असेल.

*

तपासायचा मार्ग होता, तोही अगदी सोपा. दाताच्या वरच्या चकाकत्या थरात एक प्रथिन असतं. डीएनए नासून गेला तरी ते दगडात लाखो वर्षं तग धरतं. नराच्या दातात ते दोन प्रकारचं सापडतं, मादीच्या दातात एकाच. तांदळाच्या कणीएवढा तुकडा पुरतो. पण आंबेखडकानं कवटी देताना एकच अट घातली होती : देवीच्या दाताला हत्यार लागता कामा नये. दुसऱ्या एका चाचणीसाठी सरांनी पूर्वी दोनदा विनंती केली होती. दोन्ही वेळा देवळाच्या गुरवीणबाईंनी नकारासोबत प्रसादाचा नारळ पाठवला होता. आणि कवटी तर कधीच परत देवळात गेली होती.

मला खोळ आठवली.

शेंदराचे थरावर थर चढले की त्याचं जाड कवच होतं, त्याला खोळ म्हणतात. मोजमापाआधी कवटीवरून ती अख्खी निघाली होती. नदीत विसर्जन करायची असं गावाला सांगून झालं होतं, पण कुणी गेलंच नाही. ऑफिसातले मडावीकाका, वनखात्यातून निवृत्त होऊन आमच्याकडे राखणीला लागलेले, त्यांनी ती तांब्याच्या डब्यात घालून कपाटावर ठेवली होती आणि रोज तिच्यापुढे उदबत्ती लावत होते.

काकांनी माझं सगळं ऐकलं. डबा खाली काढला, पण झाकणावर हात तसाच ठेवला. "देवीची खोळ आहे बाई. उघडाची तं आंघोळ करून या."

मी जाऊन डोक्यावरून पाणी घेऊन आले. ओल्या केसांनीच आम्ही बसलो. कांद्याच्या पापुद्र्यांसारखा तो लाल-काळा शेंदूर, आतल्या बाजूला जबड्याचा उलटा ठसा. सुळ्याच्या खळग्यात टॉर्च मारला तर तेलकट शेंदरात रुतलेली एक पांढुरकी कपची लकाकली. कधी तेल घालताना, कधी समई लागून, कुणाच्या पणजीच्या हातून उडाली असेल. हत्यार कुणीच लावलं नव्हतं.

"तिनंच देल्ला," काका म्हणाले आणि हात जोडले.

निकाल यायला नऊ दिवस लागले. त्या नऊ दिवसांत सरांनी आवाज बंद ठेवायचं ठरवलं नाही, कारण ठरवायचा अधिकार त्यांचा नव्हता. आणि मी बटण दाबणं थांबवलं नाही, कारण वेळापत्रक माझ्या सहीचं होतं. हे मला सांगायलाच हवं. नवव्या दिवशी कागद आला. प्रथिनं दोन प्रकारची. नर.

सरांनी कागद टेबलावर पालथा ठेवला. मग मला माहीत असलेलंच त्यांनी सांगितलं, कुणाला तरी ते मोठ्यानं म्हणावंच लागणार होतं. परका नर हद्दीत शिरला की तो आधी बछडी मारतो. त्याचा आवाज आला की जे पिल्लू हलतं, ते मरतं. ही ओळख आईनं शिकवावी लागत नाही, ती रक्तातूनच येते. चौथीच्या रक्तात ती चाळीस हजार वर्षं ओलांडून आली होती. तेवढी एकच गोष्ट आम्ही तिच्यात न चुकता उतरवली होती.

रोज चार वेळा. दूध तोंडाला लावायच्या आधी.

*

आवाज त्याच दुपारी बंद झाला. मला वाटलं होतं, दोन दिवसांत ती सावरेल.

ती खोलीतल्या सिमेंटच्या पाइपात शिरली आणि बाहेर येईना. हाक नाही याचा अर्थ तिच्यासाठी 'तो गेला' असा नव्हता. तो इथेच कुठेतरी गप्प बसलाय, असा असावा. तिसऱ्या दिवशी सरांनी आजच्या वाघिणीवरून अंदाज बांधून हलका, गोड आवाज तयार केला. त्या जातीच्या मादीचा कंठ कुठेच सापडलेला नाही, तेव्हा अंदाजच. तो भिंतीतून आला मात्र, पाइपातून नखं घासल्याचा आवाज झाला. ती आणखी आत सरकली होती. आता भिंतीतून काहीही आलं तरी तो तोच होता.

केंद्र चालवणाऱ्या संस्थेनं कळवलं की ही माहिती योग्य वेळी, योग्य शब्दांत प्रसिद्ध करण्यात येईल. दरम्यान पाचव्या आणि सहाव्या पिल्लाची तयारी थांबवू नये.

पाचव्या दिवशी मी झगा उतरवला. कुणाला विचारलं नाही. माझ्या साध्या सुती साडीत, बाटली पदराखाली धरून कोमट ठेवत आत गेले. पाइपाच्या तोंडाशी आडवी झाले आणि रुंजी तान्ही असताना मी जे काय काय बडबडायची ते हळू आवाजात बोलायला लागले. आले गं, आले. कुठे गेली माझी साय. आतल्या अंधारात दोन डोळे होते. तिनं माझा वास घेतला. मी पाहिलं, तिच्या नाकपुड्या हलल्या. मग तिनं कान मागे पाडले, पोट जमिनीला टेकवलं आणि तिच्याखालून ओल पसरत माझ्या हातापर्यंत आली.

मी समजले. झगा कुठला आणि साडी कुठली! माझी पावलं, माझा श्वास, दुधाचा वास, बाटलीचं रबर, हे सगळं पाच महिने त्याच्यासोबतच आत आलं होतं. तिच्या लेखी मी त्याची होते.

त्यानंतर तिनं दूध सोडलं. डॉक्टरांनी भूल देऊन नळीनं दोनदा भरवलं. दुसऱ्या खेपेला तिचं हृदय अडखळलं. तेव्हा ठरलं की आता पुन्हा भूल नको. किती दिवस, असं मी विचारलं नाही.

मी रात्री घरी फोन केला. प्रफुलनं टोमणा मारला नाही. नुसतं म्हणाला, ये घरी. मी म्हटलं, संपेपर्यंत थांबते.  मग तो म्हणाला की आम्हीच येतो.

त्याच्या दुसऱ्या दिवसापासून चौथी बोलायला लागली. संध्याकाळी, आवारात माणसाची चाहूल नसली की पाइपातून यायचं ते. आखूड, चढत जाणारं, मधेच तुटणारं. शेवटाला प्रश्नासारखं वर राहणारं. सरांनी त्यांच्याकडच्या सगळ्या वाघांच्या, सिंहांच्या, बिबट्यांच्या बछड्यांच्या आवाजांशी ते ताडून पाहिलं. कशाशीच जुळलं नाही. दोन दिवस ते कानाला यंत्र लावून बसले, मग यंत्र काढून ठेवलं. "हे समजणारं आता कुणी उरलेलं नाही, ताई," ते म्हणाले.

पहिल्यांदा ते ऐकलं तेव्हा मी केंद्राच्या गच्चीवरून धावतच खाली गेले होते. मी दाराशी पोचले आणि आवाज थांबला. गच्चीवर परत आले. अर्ध्या तासानं पुन्हा सुरू. दुसऱ्या दिवशी अनवाणी गेले, वारा माझ्या अंगावर येईल अशा बाजूनं. तरी थांबला. मग मी जायचं सोडून दिलं. तिला निदान बोलता तरी यावं.

शनिवारी प्रफुल रुंजीला घेऊन आला. आता लपवण्यासारखं काही राहिलं नव्हतं, म्हणून असेल, मडावीकाकांनी फाटक उघडलं आणि वहीत नोंदही केली नाही. रुंजीला त्यांनी मोहाची फुलं दिली, वाघ कसा खोकतो ते करून दाखवलं, तिनंही खोकून दाखवलं. मी गच्चीवर होते. ती जिना चढून आली, माझ्याशेजारी उभी राहिली. बऱ्याच महिन्यांनी तिनं आपणहून माझं बोट धरलं. नाक मुरडलं नाही.

ऊन कलत होतं. खाली चौथीच्या आवाराची भिंत, पलीकडे सागाची रांग. प्रफुल जिन्यातच थांबला होता.

आवाज आला. एकदा. मग थोडं थांबून पुन्हा.

रुंजी घाबरली नाही. कठड्याच्या जाळीला कान लावून तिनं नीट ऐकलं, डोळे बारीक करून, शाळेतलं काही आठवत असल्यासारखं. पुन्हा आला तेव्हा तिनं मान वर करून माझ्याकडे पाहिलं.

"आई, ती बोलावते आहे ना?"

 तिनं माझं बोट खालच्या दिशेला ओढलं, आधी हळू, मग जोरात.

"मग तू जात का नाहीस?"